माना खाली घातलेलं रिंगण

मारबरी, ओहायो
२८ सप्टेंबर १९२४, रविवार

प्रिय लविना,

तुझं पत्र गुरुवारी मिळालं. सफरचंदाच्या मुरंब्याची बरणीही सुखरूप पोचली. बरणीभोवतीचा पेंढा मी जपून ठेवलाय, परत पाठवताना कामाला येईल.

तू लिहिलंस की ऑरिन बहिऱ्यांच्या कॉलेजात चेंडूच खेळत असेल आणि हातवारेच करत असेल, तर नाताळात त्याला शेतावर परत न्यायचं. पाद्री स्ट्रोबेल यांचंही तेच म्हणणं आहे हेही लिहिलंस. मी मध्ये पडत नाही. मुलगा तुझा आहे. ताप येऊन चौथ्या वर्षी त्याचे कान गेले तेव्हा उशाशी तू बसली होतीस, मी नाही. पण काल मी जे पाहिलं ते तुला सांगितल्याशिवाय मला आज देवळातही चैन पडली नाही.

ऑरिन मफलर आमच्याकडे विसरला होता, तो द्यायला मी मैदानावर गेले. तिथलं कुंपण आणि बाकं आमचा क्लेमच दुरुस्त करतो, म्हणून आम्हाला दारात कुणी पैसे मागत नाही. नाहीतर चेंडू बगलेत मारून पळायचा आणि एकमेकांना पाडायचा असला खेळ बघायला मी गेले असते का, तूच सांग. समोर टिफ्टन कॉलेजची ऐकणारी मुलं होती. त्यांच्यातला एक जण गुरांच्या बाजारात बोली लावावी तसा आकडे ओरडायचा, मग सगळे आपल्या मुलांवर तुटून पडायचे. मी डोळेच मिटून घेतले.

उघडले तेव्हा बघते तर आपली अकराच्या अकरा मुलं चार पावलं मागे सरली, खांद्याला खांदा लावून त्यांनी रिंगण केलं आणि माना खाली घातल्या. अगदी स्तब्ध. मग रिंगण सुटलं, मुलं ओळीत उभी राहिली आणि पुन्हा ती धुमश्चक्री. ती संपली की पुन्हा रिंगण, पुन्हा माना खाली. लविना, दर वेळी. एकदाही चुकली नाहीत. नाकातून रक्त येणारा मुलगासुद्धा आधी रिंगणात येऊन मान खाली घालत होता.

मला कुणी सांगावं लागलं नाही. मी हातमोजे काढले आणि हात जोडले. आपल्या देवळात माणसं आठवड्यातून एकदा मान खाली घालतात, त्यातली निम्मी पेंगत असतात. आणि ही मुलं, ज्यांना एक स्तोत्र कानांनी ऐकता येत नाही, ती मातीत पडता-उठता देवाची आठवण ठेवतात. मी क्लेमला म्हटलं, "बघ, दर वेळी प्रार्थना करतात." तो जरा खोकला आणि म्हणाला, "तसं म्हणायला हरकत नाही."

आपली मुलं जिंकली. टाळ्या नाहीत, आरोळ्या नाहीत. सगळ्या कॉलेजने टोप्या हवेत फिरवल्या आणि पाय आपटले, तेव्हा बाकाची फळी माझ्या अंगाखाली गुणगुणत होती.

तुझी,
ऑर्फा

*

पाइन फोर्क
७ ऑक्टोबर १९२४

प्रिय ऑर्फा,

तुझं पत्र मी एझ्राला दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्यांदा ऐकताना त्याने पाइप विझू दिला. मग मी ते पाद्रीसाहेबांकडे नेलं. त्यांनी चष्मा पुसून वाचलं आणि रविवारी प्रवचनात सगळ्या गावाला सांगितलं. आपल्या गावचा मुलगा, जो ना बोलतो ना ऐकतो, तो झुंजीच्या मधोमध गुडघे टेकावे तसा थांबून प्रभूला हाक मारतो, असं ते म्हणाले. बाहेर आल्यावर व्हीलराइटची म्हातारी माझा हात सोडेना. आजवर तिने मला फक्त कीवच दाखवली आहे.

तर त्याला हा हंगाम पुरा खेळू दे. पुढचं पुढे. तो मोठ्याने बोलायचा सराव करतो की नाही, हे मात्र डोळ्यांत तेल घालून बघ. तुला ठाऊक आहे आम्ही किती सोसलं. पाद्रीसाहेब म्हणाले होते की हात मोकळे सोडले तर जीभ कायमची आळशी होईल, म्हणून तो सहा वर्षांचा असल्यापासून मी त्याला ताटावर हात पाठीमागे धरून बसवायची. पाव हवा असेल तर 'पाव' म्हण, मग मिळेल. किती वेळा दूध निवून जायचं. मी कठोर नव्हते, ऑर्फा. तो जगात एकटा पडू नये एवढंच मला हवं होतं. आजतागायत माझ्या घरात त्याने हात हलवून एक शब्द काढलेला नाही, आणि याचा मला अभिमान आहे.

ती मुलं प्रार्थनेत काय म्हणतात? विचारून कळव. मी ऑरिनलाही लिहिते आहे की रिंगणात आजोबांच्या पायाची आठवण ठेव. जखम अजून भरत नाही, हल्ली मी केळीची साल बांधते.

तुझी,
लविना

*

मारबरी
२० ऑक्टोबर १९२४

प्रिय लविना,

आजोबांच्या पायाला केळीच्या सालीने काही होणार नाही, तुला कुणी सांगितलं ते? मधाची पट्टी लाव.

मुलं सगळे सामने जिंकत चालली आहेत. गावातले लोक, जे रस्त्यात त्यांना बघून पलीकडच्या बाजूला जायचे, ते आता न्हाव्याच्या दुकानात त्यांची नावं घेतात. ऑरिन त्यांचा पुढारी आहे असं क्लेम म्हणतो. मला वाटायचं पुढारी म्हणजे सगळ्यात आडदांड मुलगा. तर तसं नाही.

काल पाच जणांना जेवायला बोलावलं होतं. पिठाच्या गोण्या फाडून मी त्यांना अंग पुसायला पंचे शिवून दिलेत, त्यावर अजून गिरणीचं नाव दिसतं, त्याची त्यांना फार गंमत वाटते. तू विचारलं होतंस म्हणून मी पाटीवर लिहून प्रार्थनेबद्दल विचारलं. मुलं हसली. एकाच्या तर नाकातून दूध आलं. ऑरिन हसला नाही, लाल झाला. मग त्याने पाटीवर काहीतरी लिहिलं. असल्या गोष्टी ताटावर विचारू नयेत हे मलाच कळायला हवं होतं.

आता कागद संपत आला. लोकरी मोजे पाठवते आहे, टाचा मी नव्याने विणल्यात.

तुझी,
ऑर्फा

*

वसतिगृह, मारबरी
२ नोव्हेंबर १९२४

प्रिय आई,

तुझं पत्र मिळून बरेच दिवस झाले. उत्तर लिहिलं आणि फाडलं, असं तीनदा झालं. मावशी तुला लिहील असं वाटलं होतं. तिने लिहिलेलं दिसत नाही, कारण काल पाद्रीसाहेबांचं पत्र आलं. आमची प्रार्थना त्यांना छापून वाटायची आहे.

आई, रिंगणात आम्ही प्रार्थना करत नाही. आम्ही बोलतो.

समोरची मुलं ओरडून आपली खेळी ठरवतात. आम्ही हातांनी ठरवतो. आमचे हात त्यांना दिसले तर ते ओळखतील, म्हणून आम्ही पाठी बाहेर करतो आणि डोकी आत घालतो. मध्ये छातीपाशी हात चालतात. हात बघण्यासाठी माना खाली असतात. एवढंच.

खेळी मी ठरवतो. चेंडू कुणाकडे द्यायचा, कुठून पळायचं, हे मी सांगतो. दहा जण माझ्याकडे बघत असतात आणि मी काय म्हणतो ते त्यांना पहिल्या वेळेस कळतं. घरी मी 'पाव' म्हणायचो तेव्हा बाबांना नेहमी दुसऱ्यांदा विचारावं लागायचं. मी तक्रार करत नाही.

आजोबांच्या पायासाठी मी झोपताना प्रार्थना केली, तीही हातांनीच. मला दुसऱ्या कशाने येत नाही.

या महिनाअखेर आभारदिनाच्या सणाला शेवटचा सामना आहे, किलबर्न कॉलेजशी. तेही कुणाशी हरलेले नाहीत. जो जिंकेल त्याला जिल्ह्याचं अजिंक्यपद. बोलावलंस तर मी येईन, तुझ्या शब्दाबाहेर मी नाही. पण तो सामना होईपर्यंत राहू दे.

तुझा मुलगा,
ऑरिन

*

पाइन फोर्क
९ नोव्हेंबर १९२४

ऑर्फा,

ऑरिनचं पत्र यासोबत पाठवते आहे. वाच, आणि तुझ्या त्या पाटीवर त्याने काय लिहिलं होतं ते आठव.

मुलं तुझ्याकडे जेवायला आली त्या रविवारीच तुला कळलं होतं. आणि तू मला मोज्यांच्या टाचांबद्दल लिहिलंस. मी आज देवळात सगळ्यांसमोर बसले होते. पाद्रीसाहेबांना प्रार्थना छापू नका म्हणून मला सांगावं लागलं होतं; त्यांनी नाव घेतलं नाही, पण 'कधीकधी आपल्याला हवं तेच आपल्याला दिसतं' असं म्हणाले, तेव्हा माझ्या पुढच्या बाकावरच्या दोन माना वळल्या. व्हीलराइटची म्हातारी पुन्हा कीव दाखवायला लागली आहे.

ते जाऊ दे. मला सलतंय ते वेगळंच. बारा वर्षं मी जे आवरून धरलं ते तिथे दोन वर्षांत सुटलं. तो आता बोलायचा प्रयत्नच करणार नाही. मी मेल्यावर या गावात, या शेतावर, तो कुणाशी बोलेल?

आभारदिनाला मी येते आहे. एझ्रा गुरांमुळे येऊ शकत नाही. ऑरिनची ट्रंक भरून ठेव. संध्याकाळच्या गाडीने मी त्याला घेऊन जाईन.

लविना

*

मारबरी
१३ नोव्हेंबर १९२४

प्रिय लविना,

हो, मला कळलं होतं. पाटीवर त्याने लिहिलं होतं, 'मावशी, आम्ही गप्पा मारतो.' मी खोटं लिहिलं नाही, पण खरंही लिहिलं नाही. त्याबद्दल मी देवाकडे क्षमा मागितली आहे आणि आता तुझ्याकडे मागते.

ट्रंक भरून ठेवीन. शर्ट धुऊन इस्त्री केलेत. गाडी संध्याकाळची आहे आणि सामना दोन वाजताचा, तेव्हा मधल्या वेळात थंडीत फलाटावर बसण्यापेक्षा मैदानात बस, एवढंच म्हणते. जाड शाल आण.

मी वाद घालणार नाही. पण एक गोष्ट लिहिते. गेल्या शनिवारी पाऊस होता आणि मैदानाचा नुसता चिखल झाला होता. मध्यंतरात मी पंचे घेऊन मुलांजवळ गेले. त्यांच्या तोंडावर चिखल, डोळ्यांवर चिखल, पण त्यांनी आधी पुसले ते हात. मग तोंड. हात स्वच्छ झाल्याशिवाय कुणी कुणाशी बोलायला जाईना. आता मला सगळं ठाऊक आहे, तरी त्यांनी रिंगण केलं की माझे हातमोजे निघतातच. याला काय म्हणावं ते मला कळत नाही.

तुझी,
ऑर्फा

*

पाइन फोर्क
१ डिसेंबर १९२४

प्रिय ऑर्फा,

मी तुझ्या घरी जेवले, एक शब्द बोलले नाही आणि एकटीच गाडीत बसून निघून आले. भरलेली ट्रंक तुझ्या ओसरीवर तशीच राहिली. तू दोनदा विचारलंस काय झालं, क्लेमने तुला डोळ्यांनी गप्प केलं ते मी पाहिलं. तेव्हा सांगता आलं नाही. आज लिहिते.

टर्की करपेल म्हणून तू सामन्याच्या चार भागांपैकी तिसरा संपताच घरी पळालीस. म्हणजे ऑरिनचा खांदा दुखावून त्याला बाहेर बसवलं तिथवर तू पाहिलंस. त्यानंतरचं तुला क्लेमने सांगितलंच असेल, आपण तीन गुणांनी मागे होतो आणि मग काय झालं ते. पण क्लेम चेंडूकडे बघत होता. मी बघत नव्हते.

ऑरिन कडेला घोंगडी पांघरून बसला होता. खांद्याला पट्टी. तो किलबर्नच्या मुलांकडे असा टक लावून बघत होता की मला भीती वाटली. मध्येच त्याने मान हलवली, जणू त्याला काही उमगलं. मी क्लेमला विचारलं, तर तो म्हणाला की त्यांचा कडेचा गडी दर वेळी आत सरकतो, तिथे वाट मोकळी पडते, आणि ते आत खेळणाऱ्यांना दिसत नाही, बाहेर बसलेल्याला दिसतं. मी म्हटलं, मग तो ओरडून का सांगत नाही? आणि माझं मलाच ऐकू आलं मी काय म्हटलं ते. क्लेम म्हणाला, "बाहेरून काही सांगायचं नाही, ताई. नियम आहे. कान असले तरी नाही."

चौथा भाग निम्मा सरला तेव्हा त्याला पुन्हा आत सोडलं. तो धावत रिंगणापाशी गेला. तेवढ्यात एक उंच पंच आडवा आला. क्लेमने मला सांगितलं की बाहेरून नवा आलेल्या गड्याने एक खेळी होईपर्यंत आपल्या माणसांशी बोलायचं नाही, म्हणजे बाहेरचा निरोप आत जायला नको. ऐकणाऱ्या मुलांना पंच ओठांवर बोट ठेवून बजावतो. या मुलांना कसं बजावणार? पंच भला माणूस होता, थोडा ओशाळलाही होता. त्याने स्वतःचे दोन्ही हात पाठीमागे नेऊन ऑरिनला दाखवले.

ऑर्फा, त्याला दुसऱ्यांदा दाखवावं लागलं नाही. ऑरिनने हात पाठीमागे नेले, डाव्या हाताने उजवं मनगट धरलं आणि मान जराशी डावीकडे कलती ठेवली. ते उभं राहणं मी ओळखते. माझ्याच टेबलाशी तो ते शिकला.

रिंगण झालं. मी उभी होते तिथून ते एका बाजूने उघडं दिसत होतं. दहा मुलांचे हात चालले होते. त्यांना उत्तर सापडत नव्हतं, ते सगळे त्याच्याकडे बघत होते, आणि त्याच्याकडे उत्तर होतं. ते त्याच्या तोंडावर दिसत होतं. गळ्याच्या शिरा दिसत होत्या. आणि तो हात धरून उभा होता, कारण मोठ्या माणसाने तसं सांगितलं होतं.

इतकी वर्षं मी समजत होते की माझा मुलगा मुका आहे. मुका म्हणजे काय ते मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. आणि ते पंचाने नव्हतं केलं.

ती खेळी वाया गेली. आपली मुलं मागे ढकलली गेली. मी क्लेमची बाही धरून विचारलं, "झाली का एक? झाली का?" तो म्हणाला, झाली. पंचाने ऑरिनकडे बघून मान डोलावली.

मग त्याचे हात पुढे आले. दुखरा हातसुद्धा. त्याने ते आधी पोटावर पुसले, तू लिहिलं होतंस तसे. आणि तो बोलला. किती वेळ? मी श्वास घेईपर्यंत संपलं. पण दहा माना एकदम खाली गेल्या आणि दहा चेहरे उजळले, देवळात मेणबत्तीवरून मेणबत्ती पेटवत नेतात ना, तसे. माझा मुलगा बोलला आणि कुणालाही दुसऱ्यांदा विचारावं लागलं नाही.

त्यांच्यातला एक बुटका मुलगा चेंडू घेऊन कडेच्या मोकळ्या वाटेने पळाला. त्याच्यामागे कुणी पोचलंच नाही. रेघेपार गेला हे मला फळ्यांवरून कळलं, पायांखाली त्या मधमाश्यांसारख्या घुमायला लागल्या. सगळीकडे टोप्या. किलबर्नचे लोकसुद्धा गप्प झाले होते, आणि त्यांच्यातल्या एका म्हाताऱ्याने हळूच टोपी काढून फिरवली. त्या सगळ्या शांततेत मी मान खाली घातली, ऑर्फा. मी हातमोजे काढले. चष्मा धुकटला होता, म्हणून शेवटच्या काही खेळ्या मला दिसल्याच नाहीत. अजिंक्यपद मिळालं ते क्लेमने सांगितलं.

नंतर ऑरिन माझ्यासमोर येऊन उभा राहिला. चिखलाने माखलेला. मला बघताच त्याने हात पाठीमागे नेले. सवयीने. त्याने तोंड उघडून "आई, ट्रंक?" असं म्हटलं, नीट, एकेक अक्षर सांभाळून. मी मान हलवून नाही म्हटलं. एवढंच मला जमलं.

काल देवळाच्या दारात पाद्रीसाहेबांनी मला थांबवून हळू आवाजात विचारलं की मग त्या रिंगणाचं खरं काय होतं, प्रार्थना होती की नाही. मी म्हटलं, "होती. माझ्या बहिणीने पहिल्या दिवशी लिहिलं तेच खरं होतं." ते काही बोलायच्या आत एझ्राने गाडी पुढे आणली.

नाताळात ऑरिन येईल, आठ दिवस राहील आणि कॉलेजात परत जाईल. तो ताटावर बसेल आणि हात पाठीमागे नेईल, हे मला आत्ताच दिसतंय. त्या दिवशी जेवताना मी पाहिलं, तुला त्यांच्या भाषेतले पाव, पुरे आणि आभार हे तीन शब्द येतात. मला एकच हवा आहे. 'हात सोड' हे हातांनी कसं म्हणतात, ते एखाद्या मुलाला विचारून कळव. ऑरिनला सांगू नकोस.

तुझी,
लविना

*

मारबरी
७ डिसेंबर १९२४

प्रिय लविना,

आज जेवायला तो बुटका मुलगा आला होता. ऑरिन सरपणाला बाहेर गेला तेवढ्यात मी पाटीवर तुझा प्रश्न लिहिला. कुणाचा ते लिहिलं नाही, पण त्याला कळलं असावं.

त्याने पाटी जवळ ओढली. मग पाटी पुसून लिहिलं की त्यासाठी शब्द लागत नाही. बाईंनी ताटावर आधी स्वतःचे हात वर आणावेत, आणि थांबावं.

मुरंब्याची बरणी माझ्या हातून तडकली होती, ती क्लेमने शिसं ओतून बुजवली आहे. ऑरिनबरोबर पाठवते.

तुझी,
ऑर्फा